अर्ध्या बोटाचा ढाळ

मनुबाईनं पांढऱ्या फक्कीनं मारलेली रेघ पुन्हा कुणी तपासत नसे. खटावापासून आटपाडीपर्यंत गावंच्या गावं श्रमदानाला निघाली होती, त्या उन्हाळ्यात ती चार दिवसांच्या प्रशिक्षणाला गेली आणि येताना तिकाटणं शिकून आली. तिकाटणं म्हणजे काही मोठं यंत्र नव्हे. दोन लांब काठ्या वरच्या टोकाला एकत्र बांधायच्या, मधे एक आडवी काठी, आणि वरून सुतळीला दगड सोडायचा. सुतळी आडव्या काठीवरच्या मधल्या खुणेवर थांबली की दोन्ही पाय एका पातळीत आले. असं पावलापावलानं पुढं सरकत गेलं की माळाच्या अंगावरून समपातळीची रेघ सापडते. त्या रेघेवर चर खणला की पाणी पळत नाही, जागच्या जागी मुरतं. साहेब लोक दुर्बिणीतून बघून जे सांगायचे तेच मनुबाई सुतळी बघून सांगायची, आणि चहासाठी अडून बसायची नाही.

अशा बाईनं आपल्याच रानाच्या डोक्यावर तीनशे फूट चर मुद्दाम चुकवला असं उद्या कुणी सांगितलं असतं, तर गावानं सांगणाऱ्यालाच वेड्यात काढलं असतं. मनुबाईला हे पक्कं ठाऊक होतं, म्हणून तर तिनं ते केलं.

वैर जुनं होतं, पण शिळं झालं नव्हतं. तिचं रान माळाच्या पायथ्याला आणि त्याच्या खाली तिच्या चुलत दिराचं, हंबीररावाचं, पूर्वेला मात्र थेट माळाला भिडलेलं. दोन्हींच्या मधे दगडी ताल होती, उताराला आडवी रचलेली कोरड्या दगडांची भिंत. ती मनुबाईच्या सासऱ्यानं बहात्तरच्या दुष्काळात रचली. दिवसा सरकारी कामावर खडी फोडायची आणि दिवस कलला की घरच्या रानात दगड वाहायचे, असं त्यानं दोन वर्षं केलं. पुढं सरकारनं खालच्या शिवारात पट्टीनं आखल्यासारखे सरळ मातीचे बांध घातले, ते दुसऱ्याच पावसाळ्यात फुटले. ताल मात्र चाळीस वर्षं हलली नाही. तिच्या पोटाशी दर पावसाळ्यात चिमूटभर माती अडत गेली आणि जिथं कुळव चालत नव्हता त्या मुरमाडावर कमरेइतकी काळी माती साठली.

हंबीरराव लष्करातून सुभेदार होऊन घरी आला. उपसा योजनेचं पाणी येणार म्हणून त्यानं रान एका पातळीत घ्यायचं ठरवलं आणि जेसीबी आणला. रानाच्या पूर्वेच्या अंगानं एक ओघळ होती, ती त्यानं बुजवली. ताल त्याला आड येत होती, ती उपटली. दगड चांगले घडीव होते, ते नव्या घराच्या जोत्याला गेले. मनुबाईचा नवरा कोंडीबा मऊ माणूस, त्यानं विचारलं तेव्हा हंबीरराव म्हणाला, दिवाळीनंतर नवी बांधून देतो. दिवाळीच्या आधीच पाऊस आला. एका दुपारी वरच्या रानातली माती उठली आणि खालच्या रानात जाऊन बसली. मातीला काही सातबारा वाचता येत नाही.

दुसऱ्या दिवसापासून कोंडीबा पाटी घेऊन खाली जायचा, आपलीच माती भरायचा आणि डोक्यावरून वर आणून टाकायचा. दिवसाला चाळीस-पन्नास पाट्या. मान आखडायची, तिला रात्री मनुबाई तेल लावायची. चौथ्या दिवशी हंबीररावानं त्याला बांधावर अडवलं. रानात भांगलणीच्या पंधरा बायका होत्या, त्या खुरपी थांबवून बघत राहिल्या.

"दादा, माझ्या रानातली माती हाय," हंबीरराव म्हणाला. आवाज चढवला नाही त्यानं. "वता खाली."

कोंडीबा म्हणाला, परवा तर वरनं आलीया.

"तिच्यावर नाव कोरलंय व्हय तुमचं? वता."

कोंडीबानं पाटी ओतली. नुसती ओतली असती तरी मनुबाईनं एक वेळ सोसलं असतं. पण त्यानं ती उलटी धरून दोनदा झटकली, तळाला चिकटलेली माती आपल्याकडं राहू नये म्हणून. मनुबाई वर उभी होती, तिनं ते झटकणं बघितलं. बायका पुन्हा खाली वाकल्या आणि कोंडीबा रिकामी पाटी काखेत धरून चढण चढून आला. तो त्यावर कधी बोलला नाही. दोन वर्षांनी तो गेला, तेव्हा डॉक्टरांनी हृदयाचं कारण सांगितलं. मनुबाईनं डॉक्टरांचं ऐकून घेतलं, पण तिच्या लेखी नवऱ्याला त्या पाटीनं मारलं.

मुलगा वीरधवल लष्करात लागला. सून रेश्मा आली ती कुंडलची. तिकडं कृष्णाकाठाला पुरुषभर खणलं तरी दगड लागत नाही. इथं तिनं पहिल्या दिवशी कुदळ मारली आणि ती ठण्णकन वाजली, तेव्हा ती सासूकडं बघून हसली होती. नंतर तिला हसू आलं नाही. मटकी वीतभर वाढायची आणि पिवळी पडायची. जोंधळ्याचं कणीस अंगठ्याएवढं. खाली हंबीररावाच्या रानात सोयाबीन मांडीला लागायचं आणि ऊस डोक्यावरून जायचा. रेश्मा कधी कधी बांधावर उभी राहून खाली बघायची. तिचं बघणं मनुबाईला कळायचं. एकदा रेश्मा म्हणाली, "आत्या, ही माती आपली हुती न्हवं?" मनुबाई म्हणाली, हुती.

गेल्या उन्हाळ्यात मनुबाईनं चर खणायचा विचार काढला. माळावरून येणारं पाणी उरलीसुरली माती धुऊन नेतंय, रानाच्या डोक्यावर चर मारला तर निदान तेवढी राहील, असं तिनं रेश्माला सांगितलं. त्यात खोटं काही नव्हतं. तिकाटणं तिनं उभं केलं, रेश्मानं फक्कीची पाटी धरली. सुतळी मधल्या खुणेवर थांबायला हवी होती. मनुबाई दर पावलाला ती अर्धं बोट बाजूला थांबवत गेली. अर्धं बोट म्हणजे डोळ्याला काहीच नाही. पण पश्चिमेकडून पूर्वेकडं तीनशे फुटांत चराचा तळ छातीएवढा उतरला, आणि त्याचं पूर्वेचं टोक नेमकं तिथं आलं जिथून खाली हंबीररावाची बुजवलेली ओघळ सुरू होत होती. सगळ्या माळाचं पाणी गोळा करून त्या एका जागी ओतायचं, एवढंच काम त्या चराला दिलं होतं. बुजवलेली ओघळ कुठून कुठं जात होती हे हंबीरराव विसरला असेल, पाणी विसरणार नव्हतं.

दोघींनी एकोणीस दिवस चर खणला. ऊन तापायच्या आत निघायचं, अकरापर्यंत खणायचं आणि उन्हं उतरली की पुन्हा. रेश्मा कुदळीनं उकरायची, मनुबाई फावड्यानं भराव खालच्या अंगाला टाकायची. मुरूम असा कडक की कुदळीचा दांडा दोनदा निसटला. रेश्माच्या हाताला फोड आले, फुटले आणि पुन्हा आले. तळहाताला फडकं गुंडाळून ती खणत राहिली. फोनवर वीरधवलनं विचारलं की माणसं का लावत नाही, तेव्हा ती म्हणाली, घरचंच काम हाय, दोघी असल्यावर कशाला. मनुबाई जवळच बसली होती. रेश्माच्या तळहाताचं फडकं तिनं बघितलं. पण तिनं भाकरी मोडली आणि खाल्ली.

गावानं कौतुक केलं. ग्रामसेवकानं येऊन दोघींचा कुदळीसकट फोटो काढला. सगळ्यात मोठी गंमत हंबीररावानं केली. तो स्वतः चढून वर आला, चराच्या कडेनं इकडून तिकडं चालला आणि म्हणाला की वहिनी, या वयात तुम्ही हे करता, आमच्या घरात बाप्ये असून बसलेत. दुसऱ्या दिवशी त्यानं आपले दोन गडी पाठवले. चराचं शेवटचं तीस फूट, बरोबर त्याच्या रानाच्या डोक्यावरचं, त्याच्याच गड्यांनी खणलं. मनुबाईनं त्यांना ताक दिलं. त्या दिवशी तिला इतकं समाधान वाटलं की संध्याकाळी तिनं रेश्माला गोड करायला सांगितलं.

मृगात पाऊस रिमझिमला. आर्द्रा, पुनर्वसू तशीच गेली. आमच्या भागाला पाऊस शिव्या दिल्यासारखा येतो, चार थेंब टाकून निघून जातो. चरात घोटाभर पाणी साठायचं आणि हळूहळू पूर्वेच्या टोकाला सरकायचं. मनुबाई रोज जाऊन ते सरकणं बघून यायची. तिला घाई नव्हती. परतीचा पाऊस कसा येतो हे तिनं बघितलेलं होतं.

श्रावणात हंबीररावाची नात शिवांजली सुट्टीला आली. ती शेतीचं शिकत होती. तिनं आजोबांच्या रानात खड्डा घेतला, त्याच्या भिंतीवर सुरी फिरवली आणि मातीचे थर आजोबांना दाखवले. वरचा अडीच फुटाचा थर वेगळा, खालचा वेगळा, मधे पुसट रेघ. ती म्हणाली, "नाना, ही वरची माती आपली न्हाई. ही वरनं आलीया." हंबीररावाला हे माहीत नव्हतं असं नाही. पण नातीच्या तोंडून ऐकल्यावर त्याला झोप लागेना. मागच्या वर्षी त्याच्या छातीची चिरफाड झाली होती, तेव्हापासून तो तसाही मऊ पडला होता.

भाद्रपद लागायच्या आधी तो मनुबाईच्या अंगणात आला. पटका काढून मांडीवर ठेवला. म्हणाला की सोयाबीन निघालं की रान मोकळं होईल, ट्रॅक्टरला माती खरवडायचा फाळका लावून वरची माती ओढतो, ढीग करतो आणि वाफसा धरला की ट्रॉलीनं तुमच्या रानात आणून टाकतो. तालही पुन्हा घालतो. रेश्मा चहाची कपबशी हातात घेऊन दारातच थबकली. तिच्या चेहऱ्यावरचा आनंद मनुबाईनं बघितला आणि तिला तो आवडला नाही, कारण आपल्याला तसा आनंद होत नाहीये हे तिच्या लक्षात आलं.

अकरा वर्षं तिनं मातीसाठी काढली नव्हती. तिला दुसरंच काहीतरी हवं होतं.

"भावजी," ती म्हणाली, "पाटी ध्यानात हाय का तुमच्या?"

"कसली पाटी?"

तो खरोखरच बुचकळ्यात पडून तिच्याकडं बघत होता. खोटं बोलत असता तर तिला बरं वाटलं असतं. निदान त्याला लपवण्याजोगं काही वाटलं असतं. पण तो ते साफ विसरला होता. तिच्या नवऱ्यानं पंधरा बायकांदेखत पाटी झटकली आणि या माणसाला ती त्याच दिवशी संध्याकाळी आठवत नसेल.

"काय न्हाई," मनुबाई म्हणाली. "च्या घ्या."

चराचं पूर्वेचं टोक बुजवायला अर्धा दिवस पुरला असता. चार मोठे दगड, वर मुरूम, धुमसानं ठोकायचा, झालं. पाणी मग चरातच तुंबलं असतं आणि मुरलं असतं. दुसऱ्या दिवशी ती फावडं घेऊन तिथं गेलीसुद्धा. उभी राहिली, खाली बघितलं आणि परत आली. तिसऱ्या दिवशी गेली नाही.

सोयाबीन निघालं. हंबीररावानं शब्दाप्रमाणं ट्रॅक्टर घातला. फाळक्यानं वरची माती ओढून त्यानं रानाच्या वरच्या अंगाला ढिगांची ओळ लावली, ट्रॉलीला जवळ पडावी म्हणून. बाकी रान उघडं पडलं, पीक नाही, तण नाही, धसकट नाही. माती भुगा झालेली. मनुबाई वरून बघत होती. बुजवलेल्या ओघळीच्या तोंडावरच सगळ्यात मोठे चार ढीग होते. रेश्मानं कोणत्या पट्टीत काय पेरायचं ते ठरवून टाकलं होतं. एक पट्टी हळदीला ठेवायची म्हणाली, कुंडलला तिच्या माहेरी हळद होती. मनुबाई म्हणाली, बघू. टोक बुजवायला अजूनही अर्धाच दिवस लागणार होता.

उत्तरा नक्षत्रात, शुक्रवारी, तीनच्या सुमाराला पूर्वेकडून आभाळ भरून आलं. दोघी रानातल्या खोपीत शेंगा फोडत होत्या. पहिले थेंब बोराएवढे पडले आणि मग थेंब असे वेगळे दिसेनातच. माळ पांढरा झाला. माळावरून लाल पाणी सुटलं आणि चरात उतरलं. मनुबाई उठून खोपीच्या तोंडाशी आली. चर भरला, आणि तिनं आखला होता तसा वाहू लागला. तीनशे फूट लांब, एका दिशेनं, कुठं थांबला नाही. पूर्वेच्या टोकाला त्याला जोर आला. टोकाचा भुसभुशीत भराव फोडून पाण्याचा लोट खाली पडला, तो त्या चार ढिगांवर.

मनुबाईला बरं वाटलं. खोटं कशाला सांगायचं, फार बरं वाटलं. छातीवरचा दगड कुणीतरी उचलावा तसं झालं. ते चार ढीग बुडातून खचले, त्यांच्यामागून ओळीतले बाकीचेही गेले आणि मागोमाग बुजवलेली ओघळ उघडी पडत गेली, आधी हातभर, मग कमरेएवढी. हंबीररावाच्या रानाला वरपासून खालपर्यंत चीर पडली. झटक आता, ती मनात म्हणाली, आता तू झटक.

वरून येणारं पाणी लाल होतं. खाली ओढ्याला जाऊन मिळत होतं ते काळं. दाट, शाईसारखं काळं. ते तिनं बघितलं आणि मग तिला कळलं की ती काय बघतेय. सासऱ्यानं दोन वर्षं दगड वाहून अडवलेली, चाळीस वर्षं चिमूट चिमूट साठलेली, कोंडीबानं डोक्यावर वाहिलेली माती ओढ्यात चालली होती. ओढ्यातून येरळेत आणि येरळेतून पुढं कृष्णेला. जिच्यासाठी वैर धरलं ती तीच होती, दुसरी नव्हती.

रेश्मा फावडं घेऊन केव्हा पळाली ते तिला कळलं नाही. ती चराच्या टोकाशी गुडघाभर पाण्यात उभी राहून दगड ओढत होती. एक लावला की दुसरा वाहून जायचा. मनुबाई ओरडली, माघारी ये म्हणाली. रेश्मानं मागं बघितलं नाही. पाण्यानं तिला पाडलं, दहा-पंधरा फूट घासत नेलं, ती बाभळीच्या बुडाला अडकली, उठली आणि पुन्हा टोकाशी आली. तासाभरानं पाऊस थांबला, तेव्हा अडवायला काही उरलं नव्हतं. खाली पांढरा मुरूम दिसत होता.

उन्हं तिरकी झाली तसा हंबीरराव वर आला. पायात काही नाही, मांडीपर्यंत चिखल, दर दहा पावलांवर थांबून छातीला हात लावत होता. खोपीपुढं आला आणि ओल्या जमिनीवर खाली बसला.

"वहिनी, तुमची माती राखता आली न्हाई मला," तो म्हणाला. "ढीग वाहताना बगितलं आन दादा दिसला मला. पाटी झटकताना. तुमी इचारलं तवा खरंच ध्यानात न्हवतं माझ्या. आज आठवलं. सगळ्या बायांफुडं वतायला लावली मी. लय वंगाळ केलं."

अकरा वर्षं तिनं हे शब्द ऐकायची वाट बघितली होती. तो कसा म्हणेल, आपण काय उत्तर देऊ, हे तिनं भांगलताना, भाकरी थापताना शंभरदा ठरवलं होतं. आता शब्द आले आणि ते तिला नको झाले. तो हे सगळं देवाचं, पावसाचं, आपल्या पापाचं म्हणून भोगत होता. तिचं त्यात नावही नव्हतं. तिनं उगवलेला सूड त्याला कळलाच नव्हता.

"भावजी, पावसानं न्हाई केलं," मनुबाई म्हणाली. "मी केलं. चराला ढाळ दिलाय मी. पावलाला अर्धं बोट. तुमच्या रानावर पाणी वतायला म्हणूनच खांदला त्यो."

हंबीररावानं मान वर करून तिच्याकडं बघितलं. त्याचे डोळे भरले. त्यानं हात जोडले.

"माझ्या जिवाला बरं वाटावं म्हणून सोताच्या अंगावर घिऊ नगासा," तो म्हणाला. "तुमची रेघ चुकत न्हाई, ह्यो मुलूख सांगतुया. दादाला बोललो त्याचं फेडतुया मी."

"मी खरं सांगती."

"तुमी थोर हायसा, वहिनी." तो गुडघ्यावर हात टेकून उठला. म्हणाला की सकाळी माणसं घेऊन येतो, घराच्या मागच्या पडवीचं जोतं फोडून दगड काढायला लावतो, ताल पहिल्या जागी घालायची. रेघ तिनंच मारायची, दुसऱ्या कुणाच्या हाताला आपण लावणार नाही. एवढं बोलून तो उतरू लागला. निसरड्या जागी तो बसून बसून उतरत होता.

रेश्मा मागं उभी होती. गुडघे सोलले होते, लुगडं पोटरीला फाटलं होतं, फावडं अजून हातातच होतं. हंबीररावाला दोनदा सांगून जे पटलं नाही ते तिला एकदाच ऐकून पटलं होतं. तिनं फावडं खाली ठेवलं आणि तळहात उघडून बघितले. मग ती बोलली ते सासूकडं न बघता.

"एकुणीस दिस खांदला मी त्यो."

मनुबाईनं तिला कोंडीबाचं सांगायला सुरुवात केली. पाटीचं, झटकण्याचं, तेल लावण्याचं. रेश्मानं सगळं ऐकून घेतलं. मधे तोडलं नाही आणि मानही हलवली नाही.

"माझी माती हुती ती, आत्या," ती शेवटी म्हणाली. "मामंजींची न्हाई आन तुमची बी न्हाई. मला करायची हुती तिच्यात."

रेश्मानं पदरानं गुडघ्याचं रक्त टिपलं, शेंगांची बुट्टी उचलली आणि घराची वाट धरली. दहा पावलं जाऊन थांबली.

"सकाळची रेघ मी मारणार," ती म्हणाली. "तुमी नुसत्या काठ्या धरायच्या. दोरी मी बगणार."

मनुबाई व्हय म्हणाली.